पुंडलिकरावांच्या सपरीतला पट

माझ्या अंगावर चौसष्ट घरे आहेत, पण मी स्वतः जन्मभर एकाच घरात राहिलो. मित्रांनो, मी एक जुना बुद्धिबळाचा पट आहे.

साकोलीच्या पलीकडे एका मोठ्या तलावाच्या पाळीखाली लहानसे गाव आहे. तिथल्या कवडू सुताराने मला घडवले. माझी पांढरी घरे हळदूच्या लाकडाची आहेत आणि काळी घरे बीज्याच्या. हळदू पिवळसर आणि हाताला मऊ लागते. बीजा तांबूस, टणक आणि हट्टी असतो. ही दोन लाकडे एकमेकांशेजारी बसवताना कवडूला घाम फुटला होता. काम झाल्यावर त्याने माझ्या पाठीवर हात फिरवला आणि म्हणाला, "आता यावर कोनी का हरंना, पट तं चांगला म्हनन."

मला बनवून घेतले ते पुंडलिकराव या शेतकऱ्याने. त्यांची धानाची शेती तलावाच्या पाण्यावर होती. माणूस उंच आणि कमी बोलणारा. शेतीखालोखाल त्यांचा जीव बुद्धिबळात होता. मी येण्यापूर्वी ते तलावाच्या पाळीवर, एका सपाट दगडावर कोळशाने घरे आखून खेळत असत. पाऊस आला की पट वाहून जाई आणि डाव अर्धा राही.

दिवाळीनंतर आमच्या भागात गावोगाव मंडई, म्हणजे जत्रा, भरते. दंडार हे लोकनाट्य पाहायला पाहुणे येतात. पण काही पाहुणे केवळ पुंडलिकरावांशी खेळायला येत. घराच्या पुढच्या सपरीत, म्हणजे ओसरीत, मला मांडले जाई. भोवती माणसांचे कडे पडे. हरलेला माणूस उठताना माझ्याकडे पाहून म्हणे, "पट लय देखना हाये बा!" जिंकणाऱ्याचे कौतुक करणे जड जात असावे, म्हणून ते माझे करीत. मला मात्र ते खरेच वाटे. ही १९७० नंतरची पहिली वर्षे होती. पुंडलिकराव पन्नाशीला आले होते आणि त्या पट्ट्यात त्यांना हरवणारा कोणी नव्हता.

मग एके दिवशी साकोलीच्या शाळेतले ईश्वर गुरुजी सायकलवरून आले. दूर देशात एका अमेरिकन आणि एका रशियन खेळाडूची जगज्जेतेपदाची लढत नुकतीच होऊन गेली होती. रेडिओवर तिच्या बातम्या येत. त्यामुळे गावोगाव बुद्धिबळाचे वारे सुटले होते. गुरुजी म्हणाले, "पुंडलिकराव, भंडाऱ्याला जिल्ह्याची स्पर्धा आहे. तुम्ही यायलाच पाहिजे."

पुंडलिकरावांनी मला धुतलेल्या धोतरात गुंडाळले आणि एस.टी.त मांडीवर घेतले.

भंडाऱ्याच्या त्या सभागृहात पहिलाच डाव सुरू झाला. समोर एक कॉलेजात शिकणारा तरुण होता. त्याने पहिल्याच चालीत प्यादे दोन घरे पुढे नेले. पुंडलिकराव त्याला समजावणीच्या सुरात म्हणाले, "बाबू, एक घर जाते ते. मागं घे."

तरुण गोंधळला. त्याने पंचांना बोलावले. पंचांनी सांगितले की आंतरराष्ट्रीय नियमांत प्यादे सुरुवातीला दोन घरे जाऊ शकते. गावातला खेळ जुन्या चालीचा होता. तिथे प्यादे एकच घर सरके आणि राजाला एकदा घोड्यासारखी उडी मारता येई. पुंडलिकरावांनी आपला राजा तसा उडवला, तेव्हा पंच पुन्हा आले आणि राजा परत जागेवर ठेवला गेला. मग समोरच्याने राजा आणि हत्ती एकाच चालीत हलवून किल्लेकोट केला. पुंडलिकराव माझ्याकडे पाहत राहिले. मी त्यांना अनोळखी वाटू लागलो होतो.

त्या स्पर्धेत ते सगळे डाव हरले. कोणी हसले नाही. उलट लोक फार चांगले वागले, चहा पाजला, "पुढल्या वर्षी बघू" म्हणाले. त्या चांगुलपणानेच ते अधिक दुखावले.

घरी आल्यावर त्यांच्या पत्नी गोदावरीबाई पाण्याचा गडवा घेऊन पुढे आल्या. "काय झालं जी?"

"हरलो," ते म्हणाले. एवढेच. मग त्यांनी मला माळ्यावर टाकले.

मित्रांनो, माळ्यावर उंदीर असतात आणि वेळ असतो. धुळीने माझी काळी आणि पांढरी घरे एका रंगाची झाली. त्या वर्षीच्या मंडईत पाहुणे आले, सपरीत डोकावले आणि परत गेले.

पुढच्या पावसाळ्यात रोवणा, म्हणजे धानाची लावणी, चालू असताना पुंडलिकराव भाताच्या बांधीच्या धुऱ्यावरून घसरले आणि त्यांचा पाय मोडला. साकोलीच्या दवाखान्यातून पायाला प्लॅस्टर घालून ते घरी आले आणि सपरीतल्या खाटेवर पडून राहिले. घरातली सगळी माणसे बांधीत चिखल तुडवायला जात. घरी फक्त त्यांची सून मंदाबाई असे. मुलगा ताराचंद याच्याशी तिचे लग्न होऊन वर्ष झाले होते आणि ती पोटुशी होती, म्हणून तिला रोवण्याला पाठवत नसत.

तांदूळ निसायला तिला काहीतरी सपाट हवे होते. तिने माळ्यावरून मला काढले, पुसले आणि माझ्यावर तांदूळ पसरून खडे वेचू लागली. खाटेवरून आवाज आला.

"मंदाबाई, त्या पटावर तांदूळ नको निसू."

"कोनी खेळत तं नाही त्याच्यावर, मामाजी."

"तुले काय समजते त्यातलं?"

तिचा हात थांबला. ती खाली पाहून म्हणाली, "थोडंसं समजते. माया बाबानं शिकवलं. पन आमचा खेळ नव्या कायद्याचा हाये."

तिचे वडील नागझिऱ्याच्या बाजूला जंगल खात्यात नाकेदार होते. पावसाळ्यात नाक्यावर महिनोन् महिने माणूस फिरकत नसे. साहेबाकडून शिकलेला खेळ ते लेकीशी खेळत बसत. शेजार नाही, रेडिओ नाही, बाहेर पाऊस आणि आत बाप-लेक. खेळाशिवाय करायला काही नव्हते, आणि म्हणून मंदाला खेळ चांगला येत होता.

पुंडलिकराव खाटेवर कोपर टेकून जरा उठले. मग म्हणाले, "मोहरे त्या पेटीत हायेत. काढ."

पहिला डाव जुन्या कायद्याने झाला आणि ते जिंकले. दुसरा तिच्या कायद्याने झाला. मंदाबाईने त्यांना मात दिली आणि घाबरून पदर नीट केला.  दुसऱ्या दिवशी सकाळी तोंड धुतल्याबरोबर पुंडलिकरावांनी विचारले, "मंदाबाई, तो किल्लेकोट कवा करता येत नाही, ते सांगजो बरं एकदा."

अशी त्या घरात उलटी शाळा सुरू झाली. सून शिकवी आणि सासरा शिके. गोदावरीबाईंना ते पटेना. एकदा त्या बांधीतून परतल्या, तर दोघे समोरासमोर बसलेले.

"सासऱ्यापुढं सून बरोबरीनं बसते काय? गाव काय म्हनन?"

पुंडलिकरावांनी पटावरची नजर काढली नाही. "गाव काय म्हनते ते मी आयकतो. तू तिले आतली खुर्ची आनून दे. खाली वाकून वाकून तिची कंबर दुखत असन."

घरात पाहुण्यांसाठी ठेवलेली एकच खुर्ची होती.  गोदावरीबाईंनी सुनेच्या पोटाकडे पाहिले आणि स्वतः जाऊन खुर्ची घेऊन आल्या. माझ्या उत्तम दिवसांची सुरुवात मी त्या खुर्चीपासून धरतो.

मंदाबाईला मुलगी झाली. पुंडलिकरावांचा पाय बरा झाला. ते पुन्हा भंडाऱ्याला जाऊ लागले. आधी मधल्या नंबरात आले, मग वर सरकले, एका वर्षी दुसरे आले. पहिला नंबर मात्र हुलकावणी देत राहिला. ईश्वर गुरुजी गमतीने विचारत, "या वयात एवढी प्रगती कशी काय?" ते म्हणत, "घरी मास्तरीन हाये."

गुरुजींनी हे मनावर घेतले. १९८१ साली त्यांनी मंदाबाईचेही नाव स्पर्धेत घातले. स्त्रियांसाठी वेगळा गट नव्हता, कारण दुसरी कोणी बाई खेळतच नव्हती. तिला पुरुषांबरोबर खेळावे लागणार होते. पट आणि मोहरे खेळाडूंनी आणावेत असे तेव्हा असे, म्हणून मीही गेलो. ताराचंद लेकीला गोदावरीबाईंजवळ ठेवून सोबत आला.

हिरवे लुगडे नेसलेली, डोक्यावर पदर घेतलेली ती बाई पटासमोर बसली, तेव्हा तिच्या पहिल्या प्रतिस्पर्ध्याने मागे वळून मित्रांना डोळा मारला. थोड्या वेळाने त्याने वळणे बंद केले. ती जिंकत गेली. पलीकडच्या रांगेत पुंडलिकरावही जिंकत गेले. शेवटच्या फेरीच्या सकाळी पंचांनी फळ्यावर जोड्या लिहिल्या. पहिल्या पटावर सासरा आणि सून यांचा डाव होता.

पुंडलिकराव अर्ध्या गुणाने पुढे होते. डाव बरोबरीत सुटला तरी ते जिल्ह्याचे विजेते होणार होते. मंदाबाईला मात्र जिंकावेच लागणार होते. आणि पहिला येणारा एकच खेळाडू पुण्याला राज्य स्पर्धेसाठी जाणार होता.

सभागृहाबाहेरच्या चहाच्या टपरीवर लोक बोलू लागले. "आता पाहाचं काय राहिलं? सून काय सासऱ्याले हरवन?" माझे गाठोडे ताराचंदच्या हातात होते, म्हणून पुढचे बोलणे मी ऐकले. तो बायकोला बाजूला घेऊन हळू आवाजात म्हणाला, "मंदा, बाबाचं वय झालं. हा नंबर त्याइले पुन्हा कवा भेटन? तू अजून लय खेळशीन. बरोबरीत सोड." तो वाईट माणूस नव्हता. बापावर त्याची माया होती. मंदाबाईने मान हलवली. ती हो होती की नाही, ते मला कळले नाही.

डाव सुरू झाल्यावर कळले. तिचे मोहरे पांढरे होते. ती एरवी जशी पुढे सरसावे, तसे तिने काही केले नाही. सपक चाली केल्या आणि लवकरच वजिराला वजीर भिडवला. वजीर मारामारीत गेले की पट मोकळा होणार होता आणि डाव निवांत बरोबरीकडे जाणार होता. पुंडलिकरावांनी तो वजीर मारला असता, तर त्यांच्या आयुष्याची इच्छा पूर्ण झाली असती.

त्यांनी हात पुढे केला नाही. ते सुनेकडे पाहत राहिले. मग हळूच म्हणाले, "मंदाबाई, तांदूळ निसून राहिली काय?"

पंच पुढे झुकले. "बोलू नका."

"नाही बोलत जी," ते म्हणाले. आणि त्यांनी आपला वजीर मागे घेतला.

मंदाबाईचे कान लाल झाले. तिने पदराने चेहरा पुसला. बराच वेळ ती माझ्याकडे पाहत बसली, घड्याळ टिकटिकत होते. मग तिने घोडा उचलला आणि तो पुढे, त्यांच्या मोहऱ्यांच्या अगदी तोंडाशी नेऊन ठेवला. आता खेळ सुरू झाला होता.

मित्रांनो, तसा डाव माझ्यावर पुन्हा झाला नाही. पुंडलिकरावांनी तिला सोडले नाही. त्यांचे दोन्ही हत्ती तिच्या राजावर चालून आले. एक वेळ अशी आली की ती हरणार असे मला वाटले. तिने आपला एक हत्ती देऊन त्यांचा घोडा घेतला. बघणारे कुजबुजले, "गेली." पण त्या घोड्याने अडवून धरलेले तिचे प्यादे मोकळे झाले. ते एकेक घर चालू लागले. ते अडवायला पुंडलिकरावांना एक हत्ती बांधून ठेवावा लागला. मग तिचा राजा प्याद्याच्या मदतीला निघाला; प्यादे शेवटच्या घरात पोहोचून वजीर होणे आता टळणार नव्हते.

पुंडलिकरावांनी पुष्कळ विचार केला. बोट एकदा हत्तीजवळ नेले, परत घेतले. नंतर त्यांचा चेहरा शांत झाला. बांधीत पाणी पुरेसे भरले की माणूस पाट बंद करतो, तसे त्यांनी हार मानून दोन बोटांनी आपला राजा माझ्यावर आडवा ठेवला.

 मंदाबाई उठली. तिच्या डोळ्यांत पाणी होते. ती पटाला वळसा घालून त्यांच्या पायांशी वाकू लागली. पुंडलिकरावांनी तिला मध्येच थांबवले आणि आपला उजवा हात पुढे केला.

"पाया घरी पडजो," ते म्हणाले. "इथं हात मिळवाचा कायदा हाये."

आमच्याकडे सासरा सुनेच्या हाताला हात लावत नाही. तिने ताराचंदकडे पाहिले, मग पंचांकडे. मग आपला हात पुढे केला. रोवण्याने आणि नांगराने खरबरीत झालेल्या त्या मोठ्या हातात तिचा हात गेला आणि तेव्हा कुठे लोकांनी टाळ्या वाजवल्या.

परतताना ताराचंदने मला स्वतःहून घेतले. एस.टी. लाखनीला थांबली, तेव्हा तो बायकोला म्हणाला, "मी तुले चुकीचं सांगतलं होतं." ती म्हणाली, "मीही आयकलंच होतं नं." आणि दोघेही खिडकीबाहेर पाहू लागले.

गावात बोलणी झालीच. सुनेने सासऱ्याचे नाक कापले, असे कोणी म्हणाले. मंडईत एकाने ते तोंडावर ऐकवले, तेव्हा पुंडलिकराव म्हणाले, "मायं नाक जाग्यावर हाये. तिचं नाव मातर पुन्याले गेलं."

पुण्याला ते स्वतः तिच्यासोबत गेले. लेकीला गोदावरीबाईंनी सांभाळले. तिथल्या मुलींजवळ जाडजूड पुस्तके होती आणि प्रत्येकीचे कोणी ना कोणी शिक्षक होते. एकीने विचारले, "काकू, तुम्हाला या आजोबांनी शिकवलं का?"

पुंडलिकराव लगेच म्हणाले, "मी नाही. तिनंच मले शिकवलं."

त्या वर्षी मंदाबाई फार काही करू शकली नाही. पण पुढच्या वर्षी तिने जिल्हा पुन्हा जिंकला, आणि त्याच्या पुढच्या वर्षी ती राज्यातल्या महिलांमध्ये तिसरी आली. मग राष्ट्रीय स्पर्धेत खेळली. तिथे तिने एका नावाजलेल्या विजेतीला बरोबरीत रोखले. धानाच्या हंगामात ती बांधीत असे आणि हंगाम संपला की स्पर्धेला. साकोलीच्या बस स्टँडवर अनोळखी लोक तिला "बुद्धिबळवाल्या बाई" म्हणून जागा करून देऊ लागले.

मोठ्या स्पर्धांत मात्र गुंडाळता येणारे पट आले आणि प्लास्टिकचे मोहरे आले. ते हलके आणि सगळीकडे सारखे. माझी गरज उरली नाही. कोणी मला टाकून दिले नाही, पण कोणाला माझी आठवणही राहिली नाही. एका उन्हाळ्यात मी पाण्याच्या रांजणावरचे झाकण झालो. खालून ओल लागून हळदूची घरे फुगली आणि वर उचलली गेली. एका कडेला भेग पडली. मी कुरूप झालो.

त्याच सुमारास पुंडलिकरावांची दृष्टी गेली. काचबिंदू होता. नागपूरच्या डॉक्टरांनी सांगितले की आता ती परत येणार नाही. ते सपरीत बसून राहत. मंदाबाई म्हणे, "मामाजी, मी चाली सांगतो, तुमी तोंडानं खेळा." पण त्यांना डाव डोक्यात धरून ठेवता येत नसे. ते म्हणत, "राहू दे."

एका दुपारी त्यांना तहान लागली. त्यांनी चाचपडत रांजण गाठला आणि झाकण उचलले. पाणी प्यायचे राहूनच गेले. त्यांची बोटे माझ्यावर फिरत होती. उंच घर, खोल घर, उंच घर, खोल घर.

"हे हळदूचं," ते स्वतःशीच म्हणाले. "हा बीजा." मग मोठ्याने हाक मारली, "मंदा! अवो मंदा! मले दिसून राहिलं!"

ती हातातले टाकून धावत आली. आधी तिला काही समजेना. समजले तेव्हा ती तिथेच ओल्या जमिनीवर बसली.

कवडू सुतार म्हातारा झाला होता, पण त्याने माझे काम दुसऱ्याला करू दिले नाही. भेग सांधली. हळदूची सगळी घरे मुद्दाम एकसारखी उंच ठेवली. प्रत्येक घरात बारीक भोक पाडले आणि मोहऱ्यांना खाली खुंट्या बसवल्या, म्हणजे बोटे फिरवताना ते पडणार नाहीत. काळ्या मोहऱ्यांच्या डोक्यावर खिळे ठोकले, ते हाताला ओळखू यावेत म्हणून. पुंडलिकराव पुन्हा खेळू लागले. एकदा मला घेऊन भंडाऱ्यालाही जाऊन आले. जिल्ह्याचे विजेतेपद त्यांना कधीच मिळाले नाही. पण त्या वर्षी ज्यांना त्यांनी हरवले, त्यांत एक पोक्त झालेला गृहस्थ होता. त्यानेच पूर्वी पहिल्या चालीत प्यादे दोन घरे नेले होते. डाव संपल्यावर त्याने सांगितले, तेव्हा दोघेही खूप हसले.

अलीकडे मंदाबाई लाखनीला एका शाळेत रविवारी मुलींना शिकवते. सुटीत त्या मुली आमच्या गावी येतात. गेल्याच वर्षी, १९८८ साली, रेडिओवर बातमी आली की भारताला पहिला ग्रँडमास्टर मिळाला. पुंडलिकरावांनी विचारले, "केवढा हाये पोरगा?"

"अठरा वर्साचा, मामाजी."

"मंग आपल्या पोरीइले अजून टाईम हाये," ते म्हणाले. "बोलाव त्याइले."

मित्रांनो, आता मी तुम्हाला एवढेच सांगतो. तुमच्या घरी पट असेल तर त्याला ओलीत ठेवू नका, उन्हात टाकू नका. खेळ झाल्यावर मोहरे जागच्या जागी ठेवा, एखादे प्यादे हरवले तरी डाव अडतो. पण त्याला जपायचे म्हणून कपाटात बंदही करू नका. आणि समोर कोण बसले आहे हे पाहून खेळ बदलू नका. ज्याला तुम्ही मुद्दाम जिंकू देता, त्याला तुम्ही खेळातून उठवलेले असते. हे मला एका शेतकऱ्याने आणि त्याच्या सुनेने शिकवले.

परवाच एक नवी मुलगी आली होती. तिने मोहरे लावले. समोर बसलेल्या आजोबांना दिसत नाही हे तिच्या लक्षात आले आणि तिने हळूच विचारले, "आजोबा, मी सोपं खेळू काय जी?"

पुंडलिकरावांनी बोटांनी आपली प्यादी एकदा तपासली.

"नाही बेटा," ते म्हणाले, "मले हरवाचं असन, तरच बस."